यार्डातला वेल्डर, स्टेजवरचा 'बिग यिन': बिली कॉनोलीबद्दल तुमचे प्रश्न

मागच्या अंकात एका वाचकाला उत्तर देताना ओघात लिहून गेले होते की ब्रिटनचा बिली कॉनोली, ज्याचं नाव तिकडचे कित्येक कॉमेडियन कानाला हात लावून घेतात, तो आधी जहाजाच्या कारखान्यात वेल्डर होता. एवढंच एक वाक्य. पण त्यावर पत्रं आणि मेसेज आले ते पार वाळूजपासून हिंगोलीपर्यंत, म्हणून यावेळचं सदर पूर्ण त्याच्याच नावावर. नाव छापू नका असं बऱ्याच जणांनी बजावलंय, तेव्हा फक्त गावं देतेय.

वाळूज एमआयडीसीतून एक वेल्डर: ताई, खरंच वेल्डर होता का हा माणूस, का मोठं झाल्यावर सगळेच गरिबीच्या गोष्टी सांगतात तसलं काही? मी फॅब्रिकेशनमध्ये आहे. आमच्या शॉपमध्ये एक जण आहे, जेवणाच्या सुट्टीत पोट दुखेपर्यंत हसवतो, त्याला हे दाखवायचंय.

खरंच होता दादा, रीतसर पाच वर्षांची अप्रेंटिसशिप केलेला. जन्म २४ नोव्हेंबर १९४२ चा, स्कॉटलंडमधलं ग्लासगो शहर, अँडरस्टन नावाचा कामगारांचा भाग, आणि जन्म दवाखान्यात नाही तर घरात, स्वयंपाकखोलीच्या फरशीवर. महायुद्ध चालू होतं, बाप हवाई दलात इंजिनिअर म्हणून तिकडे ब्रह्मदेशात. हा चार वर्षांचाही नव्हता तेव्हा आई दोन्ही लेकरांना, म्हणजे हा आणि याच्याहून थोडी मोठी बहीण, घरात सोडून निघून गेली. मग दोन आत्यांनी सांभाळलं. सांभाळलं म्हणजे काय ते खाली नांदेडच्या प्रश्नात येईलच.

पंधराव्या वर्षी शाळा सोडली तेव्हा हातात इंजिनिअरिंगची दोन सर्टिफिकेटं होती आणि त्यातलं एक कॉनेल नावाच्या दुसऱ्याच पोराचं होतं, चुकून याच्याकडे आलेलं. (आपल्याकडे नावात एक वेलांटी इकडची तिकडे झाली तर गॅझेट करत बसावं लागतं, आणि हे बघा.) जहाजबांधणीच्या यार्डात घ्यायला वय एक वर्षानी कमी पडत होतं म्हणून पुस्तकाच्या दुकानाची डिलिव्हरी केली, मग पावाच्या गाडीवर राहिला, आणि सोळाव्या वर्षी क्लाइड नदीकाठी लिंटहाउसला अलेक्झांडर स्टीफन अँड सन्सच्या यार्डात लागला. पुढे नायजेरियात तेलाच्या प्लॅटफॉर्मच्या कामालाही काही आठवडे जाऊन आला.

आता तुम्हाला काय सांगायचं म्हणा, पण ज्यांनी वेल्डिंगचा रॉड धरायचा होल्डर कधी हातात धरला नाही त्यांच्यासाठी सांगते. जहाजाचं वेल्डिंग म्हणजे टेबलावर जॉब ठेवून टाके मारणं नाही. पोटात शिरावं लागतं जहाजाच्या, अरुंद टाकीत वाकून, वर बघून रॉड चालवायचा, ठिणग्या कॉलरमधून आत, धूर जायला जागा नाही, आणि तिथल्या हिवाळ्यात लोखंड असं गार पडतं की टेकायची सोय नाही. आर्क, म्हणजे वेल्डिंगचा झगझगीत उजेड, लागली डोळ्याला तर रात्रभर झोप नाही, आपल्याकडे मग बटाट्याच्या चकत्या ठेवतात डोळ्यावर, त्यापेक्षा दवाखान्यात जा हो. आणि आवाज इतका की बोलणं ऐकायला येत नाही. मग चहाच्या सुट्टीत काय होतं ते तुमच्या शॉपमध्ये तुम्ही रोज बघताच, दोन तासाचं साचलेलं बोलणं पंधरा मिनिटात बाहेर येतं आणि तेवढ्या वेळात जो गोष्ट रंगवेल त्याच्याभोवती सगळे गोळा. बिली पोरसवदा अप्रेंटिस, तो ऐकायला बसायचा. त्यानी नंतर कितीतरी मुलाखतींत सांगितलंय की यार्डात आपल्यापेक्षा भारी हसवणारी माणसं होती. मला हे विनयाचं बोलणं वाटत नाही, त्याचे सुरुवातीचे शो ऐकले तर सगळी माणसं तिथलीच आहेत, तिथलेच फोरमन, तिथलेच दारुडे, तिथल्याच भांडकुदळ बायका.

ते यार्ड १९६८ साली बंद पडलं. नांदेडची उस्मानशाही मिल बंद झालेली ज्यांनी बघितली त्यांना वेगळं सांगायला नको की यार्डाबरोबर काय काय जातं. त्या माणसांचं बोलणं, चिडवणं, शिव्या देण्याची तऱ्हा, हे सगळं याच्या रेकॉर्डांमध्ये तेवढं राहिलंय. तुमच्या त्या शॉपमधल्या गड्याला एवढंच सांगा की मोबाईलवर रेकॉर्ड करून ठेव.

परभणीहून एक कॉलेजची मुलगी: ताई त्याला स्क्रिप्ट कोण लिहून द्यायचं? आमच्या गॅदरिंगला मी दोन वेळा स्टँड-अप केलं, पाठ करून गेले की विसरते आणि न पाठ करता गेले की त ते प प होतं.

कुणीच नाही. गंमत म्हणजे हा स्टेजवर हसवायला गेलाच नव्हता, गेला होता बँजो हे तारांचं वाद्य वाजवायला. ग्लासगोत साठच्या दशकात फोक क्लबची, म्हणजे लोकगीतांच्या मैफिलींची लाट होती, पबच्या मागच्या खोलीत लोक जमायचे, गाणी म्हणायची. यानी १९६५ ला टॅम हार्वे नावाच्या गिटारवाल्यासोबत हंबलबम्स नावाची जोडी केली, मग त्यात जेरी रॅफर्टी आला जो पुढे गायक म्हणून जगभर गाजला. आता दोन गाण्यांच्या मधे तार लावायला वेळ लागतो, तेवढ्यात काहीतरी बोलायचं म्हणून बिली बोलायचा. बोलणं वाढत गेलं. गाणं तीन मिनिटांचं आणि प्रस्तावना दहा मिनिटांची असं व्हायला लागलं तेव्हा रॅफर्टीच्या लक्षात आलं की लोक कशासाठी येऊ लागलेत, १९७१ ला दोघं वेगळे झाले आणि बिली एकटा निघाला. बँजो मात्र बरीच वर्षं सोबत ठेवला.

त्याच्या गोष्टीची चाल बघ कशी असते. बसमधल्या एका म्हातारीपासून सुरू करणार, म्हातारीच्या पिशवीवरून आत्याची पिशवी आठवणार, आत्यावरून शाळेतल्या बाई, बाईंवरून ग्लासगोचा पाऊस, मधेच स्वतःच्याच गोष्टीला इतका हसणार की पुढचं वाक्य येईना, मग लोकांनाच विचारणार काय सांगत होतो मी, आणि अर्ध्या तासानी तुला वाटतंय विसरला हा, तेवढ्यात बरोबर त्या बसमधल्या म्हातारीवर येऊन पोचणार. हे तुला ओळखीचं वाटत नाही का? आपल्याकडे सप्त्यात बुवा एक अभंग घेतात, मग सुनेची गोष्ट, मग शेजाऱ्याच्या बैलाची, मग कालच्या एसटीतली, लोक गडाबडा लोळतात आणि बुवा टाळकऱ्यांकडे बघून परत त्याच चरणावर. अभंग पक्का असतो म्हणून हिंडता येतं. बिलीचं तसंच होतं, शब्द पाठ नाहीत पण गोष्टीचा मुक्काम पक्का.

तर तू शब्द पाठ करू नको. कुठून निघायचं आणि कुठे पोचायचं हे दोन पक्कं कर, मधे तीन थांबे ठेव, आणि आरशासमोर नको, मैत्रिणींसमोर सांग, त्या कुठे मोबाईल काढतात ते बघ, तिथे काप.

बीडहून: पुण्यात स्पर्धा परीक्षेचा क्लास करतो. तोंड उघडलं की पोरं म्हणतात बीडचा का रे, आणि हसतात. ह्या बिलीनं भाषा बदलली का टीव्हीवर गेल्यावर?

नाही बदलली, आणि माझ्या मते सगळी गोष्ट इथेच आहे. त्या काळात ब्रिटिश टीव्हीवर आवाज कसा पाहिजे हे ठरलेलं, लंडनचा, इस्त्री केलेला. ग्लासगोची बोली म्हणजे त्यांच्या लेखी दारुड्यांची आणि मारामारी करणाऱ्यांची. आणि कॉमेडीचंही ठरलेलं, सूट घालून उभं राहायचं, सासूवर एक जोक, आयरिश माणसावर एक जोक, धन्यवाद, नमस्कार. हा आला तो लांब केस, दाढी, आणि कधी कधी पायात केळ्याच्या आकाराचे पिवळेधमक भले मोठे बूट. (ते बूट आता ग्लासगोच्या पीपल्स पॅलेस म्युझियमच्या मालकीचे आहेत.) १९७४ ला त्याची स्टेजवरची रेकॉर्ड निघाली आणि स्कॉटलंडमध्ये घरोघरी वाजू लागली, पण सीमेच्या खाली इंग्लंडमध्ये त्याला कोण ओळखत होतं?

मग १९७५. मायकेल पार्किन्सन नावाचा मुलाखतकार, त्याचा शनिवार रात्रीचा बीबीसीवरचा शो म्हणजे अख्खा देश टीव्हीसमोर. तिथे बिलीला बोलावलं. मॅनेजरनी सांगून ठेवलेलं की तो सायकलवाला जोक काही सांगू नको. यानी सांगितला. जोक असा, एक माणूस मित्राला पबमध्ये सांगतो की मी बायकोला मारलं, मित्राला खरं वाटेना, तो घरी नेऊन दाखवतो, बायको पुरलेली पण कंबरेखालचा भाग तेवढा वर राहिलेला, मित्र विचारतो हे असं का ठेवलं, तर म्हणे सायकल लावायला कुठेतरी जागा पाहिजे ना. मला स्वतःला हा जोक आज ऐकवत नाही, बायको मारणं ही आपल्याकडे रोजची बातमी आहे, त्यात हसायला काय ठेवलंय. पण त्या रात्री स्टुडिओ फुटला, आणि दुसऱ्या दिवशी ग्लासगोचा एक गडी आपल्याच बोलीत बोलून इंग्लंडभर झाला होता. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये एका अमेरिकन गाण्याचं त्यानी केलेलं विडंबन यूकेच्या चार्टवर एक नंबरला होतं. लोक त्याला 'बिग यिन' म्हणायचे, म्हणजे आपल्या भाषेत मोठा गडी.

सगळीकडे जमलं असं नाही बरं का. १९७६ ला गायक एल्टन जॉनच्या अमेरिका दौऱ्यात मुख्य गाण्याच्या आधी याला उभं केलं, लोक आलेले गाणं ऐकायला, याची बोली कळेना, आरडाओरडा, वॉशिंग्टनला तर कुणीतरी पाइप फेकून मारला तो बरोबर दोन डोळ्यांच्या मधे. तरी घरी येऊन त्यानी उच्चार सुधारायचा क्लास लावला नाही.

आणि तुम्ही बीडचे ना, मग ग्लासगोपर्यंत कशाला जायचं. आपल्या मराठवाडा विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातले प्रा. लक्ष्मण देशपांडे, 'वऱ्हाड निघालंय लंडनला' मधली बावन्न पात्रं एकट्यानी उभी करायचे, आपल्याच बोलीत, आणि पुण्या-मुंबईची माणसं तिकीट काढून हसायला यायची. परीक्षेच्या मुलाखतीत जरा प्रमाण बोला, ती परीक्षा आहे, मार्क घ्यायचेत. कट्ट्यावर मात्र काय करूलालाव, कुठं चाललाव, बिनधास्त चालू द्या.

लातूरहून एक गृहिणी: मुलानी लावून दिलं, पाच मिनिटात बंद केलं. काय त्या शिव्या माय! ह्याला मोठा कलाकार म्हणायचं?

शिव्या भरपूर आहेत, त्यात वाद नाही. त्याचं म्हणणं असं की यार्डात लोक असंच बोलायचे, मी काय वेगळं बोलू. मला ते अर्धंच पटतं. काही ठिकाणी शिवी वाक्याला ताल देते, काही ठिकाणी नुसती सवय झालेली ऐकू येते.

त्याच्यावर खरा गदारोळ शिव्यांपेक्षा दुसऱ्याच गोष्टीवरून झाला. सत्तरच्या दशकात त्याचा एक प्रसंग गाजला, त्यात येशूचं शेवटचं जेवण जेरुसलेमला नाही तर ग्लासगोच्या गॅलोगेट भागातल्या पबमध्ये होतं. झालं, एक पाद्री माणसं घेऊन शोबाहेर निदर्शनं करू लागले. आपल्या पैठणच्या नाथांनी भारुडात देवाधर्माच्या ढोंगावर काय काय बोलून ठेवलंय ते आठवलं की मला या प्रकरणाचं फार काही वाटत नाही. पण २००४ चं एक प्रकरण मला अजून खुपतं. इराकमध्ये केन बिगली नावाच्या ब्रिटिश इंजिनिअरला अतिरेक्यांनी ओलीस धरलं होतं, त्या माणसाचा जीव टांगणीला असताना यानी स्टेजवर त्याच्यावर विनोद केला. थोड्याच दिवसांत त्याला मारून टाकलं. खूप टीका झाली बिलीवर आणि ती व्हायलाच पाहिजे होती. मोठा कलाकार आहे म्हणून सगळंच पदरात घ्यायचं असं थोडीच आहे.

नांदेडहून, नाव-पत्ता काही न देता: वाचलं की लहानपणी घरातल्याच माणसांनी त्याच्यावर अत्याचार केले. तो हे सगळं हसून सांगायचा का?

आत्याचा मार तो स्टेजवर सांगायचा. एक आत्या फार मारायची, पाणउतारा करायची, लेकराला रोज ऐकवायची की तू काही कामाचा नाहीस. ते त्याच्या गोष्टींमध्ये आलंय, लोक हसलेत.

पण बापानी केलेला लैंगिक अत्याचार त्यानी स्टेजवर आणला नाही. वर्षानुवर्षं बाहेर बोललाच नाही. २००१ साली त्याची दुसरी बायको पामेला स्टीफन्सन, जी स्वतः आधी कॉमेडी करायची आणि नंतर मानसशास्त्रज्ञ झाली, तिनी त्याचं चरित्र लिहिलं तेव्हा लोकांना कळलं. मधल्या काळात दारू होती, बेसुमार होती, पहिलं लग्न १९८५ ला मोडलं आणि दारू सोडली तीही त्याच सुमाराला. कुणी म्हणतात की विनोदानी तो बरा झाला, मला असं सोपं गणित मांडावंसं वाटत नाही. हसवणं त्याला येत होतं, आणि हे त्याला बोलता येत नव्हतं, दोन्ही एकाच माणसात होतं एवढंच दिसतं.

तुम्ही प्रश्न ज्या पद्धतीनं लिहिलाय त्यावरून एक सांगून ठेवते. ओळखीत कुठल्या लेकराबाबत असं चालू असेल तर १०९८ हा चाइल्डलाइनचा नंबर फुकट आहे, रात्री-अपरात्री लागतो, फोन करणाऱ्याचं नाव गुप्त ठेवता येतं. घरचं माणूस आहे, बोभाटा होईल, ह्या विचारात दिवस घालवू नका. आणि गोष्ट तुमची स्वतःची जुनी असेल तरी बोलायला उशीर झालेला नसतो, तो साठीकडे झुकला होता तेव्हा जगाला कळलं.

जालन्याहून एक शिक्षक: झेडपी शाळेवर आहे. वर्गात पोरं हसतात, स्टाफरूममध्ये पण हसतात. नोकरी सोडून यात उतरावं म्हणतो.

सर, स्टाफरूममधले लोक कशालाही हसतात, पुढचा तास टाळायचा असतो त्यांना.

गंमत सोडा. ब्रिटनमध्ये तुमच्यासारखे आहेत की. रोमेश रंगनाथन, श्रीलंकन तमिळ घरातला, क्रॉलीला ज्या शाळेत शिकला तिथेच गणित शिकवायचा, आता टीव्हीवर त्याचे ढिगानी शो आहेत. जो ब्रँड ही दहा वर्षं मनोरुग्णालयात नर्स होती. पण तिकडे याला एक पायवाट आहे. १९७९ ला लंडनच्या सोहोमध्ये कॉमेडी स्टोअर नावाचा कॉमेडी क्लब सुरू झाला, तोही एका नग्न नाचाच्या क्लबच्या वरच्या मजल्यावर, आणि तिथे नवखा रटाळ झाला की घंटा बडवून खाली उतरवायचे. तेव्हापासून क्लबांचं जाळं झालं. आधी ओपन स्पॉट, पाच मिनिटं, पैसे शून्य. ते जमलं की दहा, मग वीस मिनिटं आणि तिथून पाकीट मिळायला लागतं. मग ऑगस्टमध्ये एडिनबराचा फ्रिंज महोत्सव, १९४७ पासून चालू आहे, तिथे महिनाभर रोज तासाचा शो करायचा, हॉलचं भाडं, खोलीचं भाडं, पत्रकं छापायची, भर रस्त्यात वाटायची, आणि बरेच जण पदरचे पैसे घालवून परत येतात. दिवसा नोकरी, रात्री ट्रेननी दुसऱ्या गावात पाच मिनिटं, असं वर्षानुवर्षं काढतात लोक.

आपल्याकडे मुंबईत २०१० ला त्याच कॉमेडी स्टोअरची शाखा आली होती लोअर परळला, तिथून हिंदी-इंग्रजीतले बरेच जण पुढे आले. जालन्याहून रात्रीची ट्रेन आहे मुंबईला, शनिवार-रविवार आहे, उन्हाळ्याची सुट्टी आहे. राजीनामा कशाला? जुनी पेन्शन आधीच गेलीय, पगार तरी राहू द्या.

हिंगोलीहून: पार्किन्सन हा टीव्हीवरचा माणूस का आजार? आमच्या वडिलांना डॉक्टरनी तोच आजार सांगितला, आणि म्हणे ह्या बिलीला पण आहे.

दोन्ही. मुलाखतकाराचा आणि आजाराचा काही संबंध नाही. आजाराला नाव आहे जेम्स पार्किन्सन ह्या लंडनच्या डॉक्टरचं, त्यानी १८१७ ला त्यावर पहिल्यांदा सविस्तर लिहिलं. आपल्याकडे कंपवात म्हणतात. मेंदूतल्या ज्या पेशी डोपामिन नावाचं रसायन बनवतात त्या हळूहळू मरत जातात आणि शरीराला दिलेली ऑर्डर उशिरा पोचते. सगळ्यांचा हात थरथरतोच असं नाही. पावलं आखूड पडतात, चालताना एक हात हलत नाही, अक्षर बारीक होत जातं, आवाज बसतो, चेहऱ्यावरचे भाव कमी होतात.

बिलीचं कसं कळलं ते ऐका. लॉस एंजेलिसच्या एका हॉटेलच्या लॉबीतून जात होता, तिथे एक अनोळखी माणूस आला, म्हणाला मी ऑस्ट्रेलियाकडच्या टास्मानियाचा सर्जन आहे, तुमची चाल बघत होतो, मला ती बरोबर वाटत नाही, डॉक्टरला दाखवा. दाखवलं. २०१३ मध्ये एकाच आठवड्यात पार्किन्सन आणि प्रोस्टेट कॅन्सर दोन्हीचं निदान झालं, आणि वर कानाची मशीनही त्याच आठवड्यात. कॅन्सरचं ऑपरेशन झालं, तो बरा झाला. कंपवात बरा होत नाही, सांभाळावा लागतो. ज्याचं सगळं भांडवल हातवारे, चेहरा आणि स्टेजवर इकडून तिकडे धावणं, त्याला नेमका हा आजार. तरी तो काही वर्षं शो करत राहिला, एक हात पोटाशी धरून, आणि स्टेजवर एंट्री घेताना मुद्दाम अंग थरथरण्याचंच एक जुनं रॉक अँड रोल गाणं लावायचा, म्हणजे लोकांनी काही बोलायच्या आत यानीच बोलून टाकलेलं. २०१७ ला सर ही पदवी मिळाली, ग्लासगोत पंच्याहत्तरीनिमित्त इमारतींच्या भिंतींवर त्याची तीन मोठी चित्रं रंगवली. २०१८ मध्ये सांगून टाकलं की आता स्टेज नाही. बँजोही वाजत नाही. फ्लोरिडात राहतो, चित्रं काढतो, मासे धरतो.

वडिलांचं म्हणाल तर आपल्याकडे वय झालं म्हणून सोडून देतात, तसं करू नका, तुम्ही दाखवलं हे बरं केलं. लेव्होडोपाच्या, म्हणजे ह्या आजारावरच्या नेहमीच्या गोळ्या घड्याळ लावून त्याच वेळेला द्यायच्या, एक वेळ चुकली की त्यांना उठणं-बसणं जड जातं, आणि जेवणाआधी का नंतर ते मेंदूच्या डॉक्टरांना नीट विचारून घ्या कारण दूध-डाळीच्या जेवणासोबत काहींना गोळी कमी लागू पडते. अंगणात रोज चालवा. बाथरूममध्ये धरायला दांडी बसवून घ्या, पडणं हाच मोठा धोका.

अंबाजोगाईहून: बघायचं तर कुठून सुरू करू? त्याचं इंग्रजी डोक्यावरून जातं.

सगळ्यांच्याच जातं, लंडनवाल्यांच्याही जायचं. सुरुवात स्टेजवरून नका करू. १९९४ ला त्यानी स्कॉटलंडभर फिरून एक टीव्ही मालिका केली, थोडा प्रवास थोडा शो, त्यात डोंगर, पाऊस, जुनी घरं दिसत राहतात त्यामुळे बोलणं अर्धं समजलं तरी चालतं. (एके ठिकाणी भर थंडीत उघडा नागडा नाचतो, घरात मोठी माणसं असतील तर रिमोट हाताशी ठेवा.) मग १९८५ चा एक टीव्हीवरचा शो आहे, समोर सगळे नामवंत नट आणि गायक बसलेत आणि डोळे पुसत हसतायत, तो. सबटायटल लावा आणि वेग पाऊणपट करा.

ॲक्टिंग बघायची तर 'मिसेस ब्राउन', १९९७ चा, जुडी डेंच राणी व्हिक्टोरिया आणि हा तिचा स्कॉटिश नोकर जॉन ब्राउन. त्यात विनोद फार नाही, नुसता उभा राहतो आणि सीन खाऊन टाकतो, बाफ्टाचं, म्हणजे ब्रिटनच्या सिनेमा पुरस्काराचं, नामांकन मिळालं होतं. हाच तो नोकर, जो गेल्यावर पुढे काही वर्षांनी राणीच्या दरबारी आपल्या इकडचा मुन्शी अब्दुल करीम आला. आणि लेकरांसोबत बघायचं तर 'ब्रेव्ह' हा २०१२ चा कार्टून सिनेमा लावा, त्यातल्या एका पायाच्या दांडग्या राजाला आवाज याचाच आहे, बोली अस्सल ग्लासगोची आणि शिवी एकही नाही. लातूरच्या ताईंनाही चालेल.